आधी विचारा, मग हात लावा

(फेब्रुवारी १९८७ मध्ये आंबिवली येथे झालेल्या बैठकीत संघटनेच्या तरुण कार्यकर्त्यांच्या वतीने केलेले भाषण. ज्या पाड्यांवरून कोणी येऊ शकले नाही त्यांच्यासाठी छापत आहोत. वाचता येणाऱ्याने बाकीच्यांना वाचून दाखवावे.)



आज शहापूरकडची माणसं कसारा गाडीने आली, मुरबाडची माणसं एस.टी.ने कल्याणला उतरून आली, आणि इथल्या वीटभट्ट्यांवरची काही जण तशीच हातापायाच्या चिखलासकट आली. बैठक आंबिवलीला घेतली ती याचसाठी. वरती जंगलातल्या पाड्यावर घेतली असती तर या दिवसांत भेटलं कोण असतं? म्हातारी माणसं, कोंबड्या आणि बंद दारं. आज बोलायचं आहे ते याच बंद दारांवर, कारण सरकारची नोटीस नेमकी या दिवसांत तिथे येते.

आपल्यातल्या एका पाड्यावर काय झालं ते आधी सांगतो. दिवाळी झाली. मुकादमाचा बयाणा अंगावर होता, म्हणून बहुतेक घरं भट्टीवर गेली. मागे म्हाताऱ्या राहिल्या. एका सरकारी खात्याचा शिपाई आला आणि एका कुडाला कागद चिकटवून गेला. म्हातारीने तो हलक्या हाताने काढला, घडी केली आणि तांदळाच्या मडक्यात ठेवला. सरकारी कागद आहे, पोरगा येईपर्यंत हरवू नये, एवढाच तिचा विचार. शिमग्याला माणसं परत आली तेव्हा म्हातारी मडकं घेऊन आंब्याखाली बसलेली. कागद मडक्यात नीट होता. घरं नव्हती. मेढी उपटलेल्या, कारवीचे कूड आडवे पडलेले, कौलांचा चुरा. खात्याचं नाव आणि पाड्याचं नाव आज घेत नाही, कारण प्रकरण अजून चालू आहे.

त्या कागदातलं शेवटचं वाक्य सगळ्यांनी ओळखून ठेवा. असल्या नोटिशीत ते बहुतेक असतंच. मुदतीत हजर न राहिल्यास आपणांस काही सांगावयाचे नाही असे समजण्यात येईल. आता बघा. आपण इकडे विटा थापत होतो, आणि तिकडे कुठल्या तरी टेबलावर लिहिलं गेलं की या लोकांना काही सांगायचं नाही. सांगायचं तर पुष्कळ होतं. बापाने लावलेली चिंच आता एका माणसाच्या कवेत येत नाही, हे सांगायचं होतं. मतदार यादीत नावं आहेत, रेशनकार्डावर पाड्याचं नाव आहे, एका घरात बाळंतीण यायची आहे, हे सांगायचं होतं. त्यातलं एक अक्षरही साहेबाला माहीत नव्हतं. म्हणजे त्याने जो हुकूम काढला तो न बघता काढला.

काही साथी म्हणतात, सांगून काय होणार? पाडायचं ते पाडणारच, सुनावणी म्हणजे नुसता देखावा. आम्ही त्यांना खोटं पाडत नाही. अनुभवाचं बोलणं आहे ते. पण देखावा आहे म्हणून आपण तिकडे फिरकलोच नाही, तर साहेबाचं काम सोपं होतं. ही सुनावणी त्यांनी मेहेरबानी म्हणून दिलेली नाही. ती मागायचा आपला हक्क आहे, आणि तो कुठून आला हे आपल्याला माहीत पाहिजे. म्हणून थोडं लांबून सांगतो.

पाड्यावर भांडण झालं, कोणाची बकरी कोणाच्या वरईत शिरली, तर जाणती माणसं बसतात. बकरीवाल्याला बोलावल्याशिवाय दंड ठरत नाही. तो पिऊन पडला असेल तर उतरेपर्यंत थांबतात. हा कायदा आपल्याला कोणी पुस्तकातून शिकवलेला नाही. (आणि जिथे हे पाळत नाहीत तिथे काय होतं तेही आपण बघतो. एखाद्या बाईवर भुताळीचा आळ आला की तिला कोण विचारतं? भगत बोलला की संपलं. सरकारने आपल्याशी असं वागू नये म्हणायचं असेल, तर पाड्यावरही असं चालू देता येणार नाही. कोणाला कडू लागलं तरी हे बोललंच पाहिजे.)

साहेबांच्या देशातही हाच प्रश्न कोर्टात आला होता, आणि तोही घर पाडण्यावरून. लंडनला वँड्सवर्थ म्हणून भाग आहे. तिथे एका माणसाने घर बांधायला काढलं. कायदा असा होता की काम सुरू करण्याच्या सात दिवस आधी तिथल्या बोर्डाला कळवायचं, नाही कळवलं तर बोर्डाला घर पाडायचा अधिकार. बोर्ड म्हणालं, याने कळवलं नाही. घर दुसऱ्या मजल्यापर्यंत आलं होतं. बोर्डाची माणसं आली आणि पाडून गेली, त्याला एका शब्दाने विचारलं नाही. १८६३ साली कोर्टाने निकाल दिला की पाडायचा अधिकार बोर्डाला होता हे खरं, आणि आधी विचारा असं त्या कायद्यात कुठे लिहिलेलं नव्हतं हेही खरं, तरीसुद्धा विचारायला पाहिजे होतं. कदाचित त्याने कळवलं असेल आणि कागद वाटेत हरवला असेल. विचारल्याशिवाय कसं कळणार? बोर्डाला नुकसानभरपाई द्यावी लागली. त्या निकालात एका जजाने आणखी जुना दाखला दिला होता, की बागेतून हाकलून देण्याआधी देवानेसुद्धा आदमला विचारलं होतं.

आपल्या देशात या गोष्टीवर जोर आला तो १९७८ सालच्या निकालाने. त्याच्या आदल्या वर्षी सरकारने मनेका गांधींचा पासपोर्ट जप्त केला आणि कारण सांगायला नकार दिला. सुप्रीम कोर्ट म्हणालं, असं चालणार नाही, माणसाचं म्हणणं ऐकून घेतलं पाहिजे. माजी पंतप्रधानांच्या सुनेच्या पासपोर्टाला जो न्याय, तो फुटपाथवरच्या झोपडीला लागू आहे का, हे विचारायला मग सात वर्षं लागली. ते प्रकरण आपल्या मुंबईतलं आहे. हे मात्र नीट ऐका.

१३ जुलै १९८१. ऐन पावसाळा. तेव्हाचे मुख्यमंत्री बॅ. अंतुले यांनी जाहीर केलं की मुंबईच्या फुटपाथवर राहणाऱ्यांना उठवायचं आणि जिथून आले तिथे परत पाठवायचं. दहा दिवसांत पाडापाडी सुरू झाली. तमिळनाडूतल्या सेलमचा एक भूमिहीन मजूर होता. दुष्काळात काम गेलं म्हणून तो मुंबईला आला होता, प्लॅस्टिक आणि ताडपत्रीच्या आडोशाला बायकोमुलींसह राहत होता. त्याचं घर पाडलं आणि कुटुंबाला सेलमच्या बसमध्ये बसवून दिलं. बायको-मुली तिकडे राहिल्या, तो पोटासाठी परत मुंबईच्या फुटपाथवर आला. दुसरा एक जण आपल्या संगमनेरचा, चांभारकाम करणारा. गावात दिवसाला सात-आठ रुपये मिळत आणि घर पडून गेलेलं. तुळशीवाडीच्या फुटपाथवर जागा मिळवायला त्याला तिथल्या गुंडाला तीनशे रुपये द्यावे लागले. या दोघांची हकीगत आम्ही मुद्दाम सांगतो, कारण आपल्यातले किती जण बयाणा घेऊन गाव सोडतात ते आपल्याला माहीत आहे. झाडाखाली, भट्टीच्या आडोशाला, फुटपाथवर, राहायची जागा वेगळी, घरातून निघायचं कारण तेच.

ओल्गा टेलिस या पत्रकार बाई, काही संघटना आणि हे झोपडीवाले कोर्टात गेले. महानगरपालिका म्हणाली, १८८८ च्या आमच्या कायद्यात कलम ३१४ आहे, रस्त्यावरचं काहीही आम्ही नोटीस न देता हटवू शकतो. शिवाय यांचा तिथे हक्कच नाही, मग यांचं ऐकून करायचं काय? हा प्रश्न आपल्यालाही रेंज ऑफिसात विचारतात. जमीन फॉरेस्टची आहे, तुझं काय ऐकायचं?

१० जुलै १९८५ ला पाच न्यायाधीशांनी निकाल दिला. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड होते, आणि दुसऱ्याच दिवशी ते निवृत्त झाले. निकालात तीन गोष्टी आपल्या कामाच्या आहेत. जगण्याच्या हक्कात पोट भरण्याचा हक्क येतो. पोटाची जागा काढून घेतली तर जगणंच काढून घेतलं. दुसरी, नोटीस न देता हटवता येईल असं कलमात लिहिलं असलं तरी तसंच करा असा त्याचा अर्थ होत नाही. नोटीस देणं आणि ऐकून घेणं हा नियम, न देणं हा अपवाद, आणि अपवाद का केला हे अधिकाऱ्याला दाखवता आलं पाहिजे. तिसरी गोष्ट आम्हाला सगळ्यांत मोठी वाटते. ऐकून शेवटी निर्णय तोच लागणार असला, तरी ज्याचं घर जातं त्याचं म्हणणं ऐकण्याला स्वतःची किंमत आहे. माणसाशी बोलायचं असतं. त्याच्या माथ्यावर नुसता निर्णय नेऊन आदळायचा नसतो.

एवढं बोलून कोर्टाने काय केलं? फुटपाथवाले हरले. कोर्ट म्हणालं, आयुक्तांना आम्ही सुनावणी घ्यायला सांगितलं असतं, पण तुमचं म्हणणं इथे आमच्यासमोरच ऐकून झालं. कलम ३१४ कायम राहिलं. पावसाळा संपून एक महिना होईपर्यंत, म्हणजे ३१ ऑक्टोबर १९८५ पर्यंत, झोपड्यांना हात लावू नका एवढी सवलत. १९७६ च्या मोजणीत ज्यांना ओळखपत्रं मिळाली होती त्यांना दुसरी जागा द्या, असंही सांगितलं. जिथे राहतो तिथे राहायचा हक्क मिळाला नाही. हा निकाल आपला विजय म्हणून मिरवण्यासारखा नाही. पण वकील लोक त्याची पानं उघडून दाखवतात, त्यातली सुनावणीची पानं आपण घ्यायची.

आता आपलं जंगल. १९२७ चा भारतीय वन कायदा इंग्रजांनी केला, आपल्याला बाहेर काढायलाच केला. पण त्यातसुद्धा सुनावणी आहे, हे फार कमी जणांना माहीत आहे. एखादी जमीन राखीव जंगल करायची असेल तर आधी कलम ४ खाली जाहीर करायचं. मग कलम ६ खाली वन जमाबंदी अधिकाऱ्याने आजूबाजूच्या प्रत्येक गावात, तिथल्या भाषेत, जाहीरनामा काढायचा आणि कमीत कमी तीन महिने मुदत द्यायची. ज्याचा काही हक्क असेल त्याने लिहून द्यावा किंवा समोर येऊन तोंडी सांगावा. तोंडी! अंगठेबहाद्दरांसाठीच जणू लिहिलेलं. त्याने चौकशी करायची. त्याच्या हुकुमावर अपील आहे.

आणि त्याच कायद्यात कलम ९ आहे. जो हक्क कोणी सांगितला नाही आणि जो चौकशीतही समजला नाही, तो संपला. मडक्यातल्या नोटिशीचं शेवटचं वाक्य आणि हे कलम ९ एकाच जातीचं आहे. आपल्या आज्यांनी दळी केली, नाचणी-वरई पिकवली, देव त्याच डोंगरावर बसवले. जाहीरनामा त्यांच्या कानावर आला का? आमच्या पाड्यांवरच्या म्हाताऱ्यांना आम्ही विचारलं, कोणालाही दवंडी आठवत नाही. त्यांना इतकंच आठवतं की एक दिवस गार्ड आला आणि म्हणाला, हे आता सरकारचं.

मिर्झापूरला काय झालं ते यासाठीच माहीत पाहिजे. उत्तर प्रदेशात मिर्झापूर जिल्ह्यात दुद्धी आणि रॉबर्ट्सगंज असे दोन तालुके आहेत, आदिवासी मुलूख. तिथेही जमिनी जंगल म्हणून जाहीर झाल्या आणि कसणाऱ्यांवर गुन्हे दाखल होऊ लागले. बनवासी सेवा आश्रमाने सुप्रीम कोर्टाला पत्र लिहिलं. कोर्टाने ते पत्र अर्ज म्हणून घेतलं, आणि आत्ता तीन महिन्यांपूर्वी, २० नोव्हेंबर १९८६ ला, हुकूम दिला. ज्या जमिनींचं कलम ४ झालंय पण कलम २० ची शेवटची घोषणा झालेली नाही, त्यांचे हक्क नीट तपासा. अधिकारी त्या भागात बसवा, जिल्हा न्यायाधीशाच्या दर्जाचे जज तिथेच नेमा. आणि वन अधिकाऱ्याने निर्णय दिला की आदिवासीने अपील केलं नसेल तरी कागद जजपुढे जावेत, अपील केल्यासारखंच त्याने ते तपासावेत. कोर्टाला हे कळलं की ज्याला अपील म्हणजे काय ते माहीत नाही, त्याचं गप्प राहणं म्हणजे मान्य असणं होत नाही. कलम २० होऊन गेलेल्या जमिनी मात्र त्यातून वगळल्या आहेत, ही मोठी उणीव. आणि हुकूम तिकडचा आहे, आपोआप इकडे लागू होत नाही. पण ठाणे जिल्ह्याच्या आदिवासीला मिर्झापूरच्या आदिवासीपेक्षा कमी का, हा प्रश्न आपण प्रांतापुढे, मामलेदारापुढे विचारू शकतो आणि विचारला पाहिजे.

आपल्याकडे २७ डिसेंबर १९७८ चा शासन निर्णय आहे. ३१ मार्च १९७८ पर्यंत ज्यांनी जंगल जमीन कसायला घेतली होती ती नियमित करण्यासाठी. त्यात अडचण कुठे येते ती सगळ्यांना ठाऊक आहे, तरी लिहून ठेवायला हवी म्हणून बोलतो. साहेब पुरावा मागतो. पुरावा म्हणजे दंडाची पावती. आता ज्याला गार्डने पकडला, दंड केला आणि पावती दिली, त्याच्याकडे पुरावा आहे. ज्याने कोंबडी दिली, दहाची नोट दिली, बायकोच्या हातून तांदूळ दिले, त्याला पावती कोण देणार? वर्षानुवर्षं ज्याला लुटलं त्याचाच पुरावा नाही. सुनावणी खरी असेल तर तिथे शेजारी बोलला पाहिजे, गावातली म्हातारी बोलली पाहिजे, बांध बघितले पाहिजेत, झाडाचं वय बघितलं पाहिजे. नुसता कागद बघायचा तर सुनावणी कशाला, पोस्टाने उरकता येईल.

आणखी एक गोष्ट सलते. ज्याने रिपोर्ट लिहिला, त्याचाच साहेब ऐकायला बसतो, आणि मधल्या सुट्टीत दोघं एकत्र चहा पितात. जमाबंदी अधिकारी हा शक्यतो वन खात्याचा नसावा असं १९२७ चा कायदासुद्धा म्हणतो. इंग्रजाला जेवढी लाज होती तेवढी तरी ठेवा, असं आम्ही म्हणतो.

आंबिवलीच्या बाजूच्या साथींसाठी थोडं वेगळं आहे. १९८३ मध्ये कल्याण महानगरपालिका झाली आणि आजूबाजूची पुष्कळ गावं तिच्यात गेली. इकडे १९४९ चा मुंबई प्रांतिक महानगरपालिका कायदा लागतो. त्यात कलम २६० आहे. विनापरवाना बांधकाम म्हणून पाडायचं असेल तर लेखी नोटीस द्यायची, का पाडू नये याचं कारण लेखी किंवा समक्ष येऊन दाखवायला सांगायचं. रस्त्यावरच्या वस्तूंसाठी मात्र कलम २३१ आहे, नोटिशीशिवाय हटवायचं, मुंबईच्या ३१४ चा भाऊ. म्हणून तुमच्या झोपडीला कोणतं कलम लावलंय ते पहिलं विचारा. कडेला असलेली झोपडी रस्त्यात आहे असं लिहिलं की काम सोपं होतं. मोजणी मागा.

आता कामाचं. नोटीस घ्यायला नकार देऊ नका. नकार दिला की पंचनामा होतो आणि नोटीस पोचली असं धरतात. घ्या, आणि ज्या दिवशी मिळाली ती तारीख सहीखाली घालायला लावा. वाचून दाखवल्याशिवाय अंगठा देऊ नका, कोऱ्या कागदावर तर मुळीच नाही. दुसऱ्याचं घर पाडण्याच्या पंचनाम्यावर पंच म्हणून अंगठा मागतात, तो देऊ नका. पाड्यावर मागे राहणाऱ्या म्हाताऱ्यांना समजावून सांगा की असा कागद आला तर मडक्यात ठेवायचा नाही, त्याच दिवशी भट्टीवर निरोप पाठवायचा. कोणता पाडा कोणत्या भट्टीवर आहे याची यादी आम्ही करतोय.

उत्तर लेखी द्या आणि पोच घ्या. मुदत कमी असेल तर त्याच कागदात मुदत वाढवून मागा, कारण लिहा: मजुरीसाठी बाहेरगावी. हे खरं कारण आहे, लाजण्यासारखं नाही. सुनावणीला एकट्याने जाऊ नका, चार साक्षीदार न्या, बायांना न्या. घर कधी बांधलं हे बाईला जास्त नीट आठवतं, कोणत्या पोराच्या वेळी ते ती सांगते. जे बोललात ते लिहून घेतलं का ते बघा, नसेल तर लिहून घ्या म्हणा. शेवटी हुकूम लेखी मागा, कारणांसकट, आणि त्याची नक्कल घ्या. नक्कल हातात असली तर वकिलाला कोर्टात स्थगिती मागता येते. नसली तर कोणी पाडलं, कोणाच्या हुकुमाने पाडलं, हेच आधी शाबीत करत बसावं लागतं. त्या पाड्याचं प्रकरण आज तिथेच अडकलं आहे. म्हातारीने कागद जपून ठेवला म्हणून निदान तारीख तरी शाबीत होते.

शिमग्याला सगळे घरी येतील. त्या चार दिवसांत दारू-नाच होईलच, पण एक सकाळ याच्यासाठी ठेवा. दंडाच्या पावत्या, जुनी रेशनकार्डं, एकसाली प्लॉटचे कागद, आलेल्या नोटिशी, जे असेल ते आणा. अस्सल कागद कोणाच्या हातात देऊ नका, आमच्याही नाही. आम्ही तिथेच बसून नक्कल उतरून घेऊ. ज्यांच्याकडे काहीच नाही त्यांनीही या, तुमच्या शेजाऱ्यांचे जबाब लिहून घ्यायचे आहेत. पाड्यापाड्याला लिहिता येणारी दोन पोरं लागतील. वही आणि कार्बन संघटना देईल.